शाळेतली प्रार्थना आणि कुडाळचे वसंत देसाई

अंजनवेल (ता. गुहागर) : वाशिष्ठी खाडी जिथे समुद्राला मिळते तिथे एका अंगाला गोपाळगड, वर टाळकेश्वरचं दीपगृह आणि खाडीपलीकडे दाभोळ. या पट्ट्यातली शाळा असो, नाहीतर पार तळकोकणातली, सकाळी घंटा झाली की पोरं रांगेत उभी राहतात आणि प्रार्थना सुरू होते. त्यात दोन हिंदी प्रार्थना हमखास असतात. एक ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ आणि दुसरी ‘हमको मन की शक्ति देना’. आजोबांनी म्हटल्या, वडिलांनी म्हटल्या, आता नातवंडं म्हणतात. या दोन्ही प्रार्थना मूळच्या सिनेमातल्या, हे निम्म्या लोकांना माहीत असतं. दोन्हींची चाल एकाच माणसाची, आणि तो माणूस आपल्या कोकणातला, हे मात्र फार थोड्यांना माहीत आहे.

त्यांचं नाव वसंत देसाई. जन्म ९ जून १९१२, गाव कुडाळजवळचं सोनवडे. तेव्हा तो मुलूख सावंतवाडी संस्थानात होता. संस्थानं विलीन झाली आणि कुडाळ रत्नागिरी जिल्ह्यात आलं, ते १ मे १९८१ रोजी सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा होईपर्यंत. देसाई गेले १९७५ साली. म्हणजे त्यांनी डोळे मिटले तेव्हा त्यांचं गाव रत्नागिरी जिल्ह्यातच होतं. गुहागर-दापोलीच्या माणसानं त्यांना आपल्या जिल्ह्याचं म्हटलं तर ते चूक ठरणार नाही.

कुडाळच्या त्या भागात गाणं म्हणजे दशावतार आणि भजन. आपल्याकडे गुहागरात नमन-खेळे आणि जाखडी, तसा तिकडे दशावतार. देवळासमोर मांड, पायपेटी, मृदंग, झांज, आणि रात्रभर चालणारा खेळ. दशावतारात लिहिलेली संहिता नसते. नट आयत्या वेळी बोलतो आणि वाजवणारा त्याच्याकडे बघून हात चालवतो. राक्षस आला की मृदंग वेगळा, देव आला की वेगळा, आणि नट थांबला की वाजवणाऱ्यालाही थांबता आलं पाहिजे. पुढे चाळीसेक वर्षं देसाईंनी पडद्याकडे बघत जे काम केलं त्याची जात हीच होती. गावात वाढलेल्या पोराच्या कानावर हे पहिल्यापासून पडलेलं, एवढं लक्षात ठेवलं की त्यांचं पुढचं काम समजायला सोपं जातं.

त्या काळी कोकणातून बाहेर पडायचं तर बंदरावरून मुंबईची बोट, नाहीतर घाट चढून कोल्हापूर. देसाई कोल्हापूरला गेले. तिथे १ जून १९२९ ला प्रभात फिल्म कंपनी सुरू झाली होती. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि कुलकर्णी अशा पाच जणांची ती कंपनी. सोळा-सतरा वर्षांचा वसंत तिच्यात शिरला तो संगीतकार म्हणून नव्हे, पडेल ते काम करणारा पोरगा म्हणून. सिनेमा अजून मुका होता. १९३० सालच्या ‘खुनी खंजीर’ या मूकपटात तो पडद्यावर दिसला. ज्या माणसाचं नाव पुढे आवाजासाठी घेतलं गेलं, त्याची सुरुवात बिनआवाजाच्या सिनेमातून व्हावी, ही गंमतच म्हणायची.

दोन वर्षांत सिनेमा बोलू लागला. १९३२ साली प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ आला. मराठीतला हा पहिला बोलपट. संगीत गोविंदराव टेंब्यांचं, आणि हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांचीच. देसाई त्यात गायले आणि टेंब्यांच्या हाताखाली शिकूही लागले.

बोलपटाच्या त्या पहिल्या वर्षांत गाणं कसं रेकॉर्ड व्हायचं, हे आज मोबाईलवर रील करणाऱ्या पोरांना सांगितलं तर खरं वाटणार नाही. प्लेबॅक नव्हता. नट कॅमेऱ्यासमोर उभा राहून खरोखर गायचा. पेटीवाला, तबलजी, सारंगीवाला कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर, कधी पडद्यामागे, कधी झाडाआड दडून वाजवायचे. माईक नटाच्या डोक्यावर कुठेतरी टांगलेला. नट दोन पावलं सरकला की आवाज बारीक व्हायचा, तबला जवळ असला की गाणं बुडायचं. एकाची चूक झाली की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. आवाज फिल्मवरच उजेडाच्या रेषेच्या रूपाने छापला जायचा, खोडता यायचा नाही. कुठलं वाद्य माईकपासून किती लांब ठेवायचं, कुठला आवाज कुठल्या आवाजाला गिळतो, हे शिक्षण देसाईंना पुस्तकातून नव्हे, सेटवर उभं राहून मिळालं.

१९३३ साली प्रभात पुण्याला गेली, देसाईही गेले. मास्टर कृष्णराव फुलंब्रीकर तिथे संगीत देत होते, त्यांचे ते सहायक झाले. शास्त्रीय गाण्याची तालीम घेणं चालूच होतं. १९३५ च्या ‘धर्मात्मा’त त्यांनी काम केलं, १९३६ च्या ‘अमरज्योती’त शांता आपट्यांबरोबर गायले. पण नट म्हणून किंवा गायक म्हणून ते नाव काढतील असं त्या वेळी कुणाला वाटलं असेल, तर तसं झालं नाही.

त्याच प्रभातमध्ये १९३७ साली ‘कुंकू’ झाला. संगीत केशवराव भोळ्यांचं. त्या चित्रपटात पार्श्वसंगीत म्हणून वेगळा वाद्यवृंद वापरलेला नाही. घड्याळाचे टोले, ग्रामोफोनची तबकडी, घरातले आणि रस्त्यावरचे आवाज, एवढ्यावर सगळा ताण उभा केलेला आहे. आज ज्याला साउंड डिझाइन म्हणतात आणि ज्यासाठी वेगळा माणूस नेमतात, ते काम मराठी लोक तेव्हा करत होते. त्यासाठी वेगळं नाव नव्हतं, एवढंच. देसाई तेव्हा पंचविशीत होते आणि त्याच कंपनीत होते.

राजकमलचा संगीतकार

१९४२ साली शांतारामबापू प्रभात सोडून मुंबईला आले आणि परळला त्यांनी राजकमल कलामंदिर उभं केलं. वसंत देसाई त्यांच्याबरोबर. राजकमलचा पहिला चित्रपट ‘शकुंतला’ १९४३ साली आला. संगीत देसाईंचं. मुंबईत तो शंभर आठवड्यांच्या वर चालला. सहायक म्हणून दहा वर्षं काढलेल्या माणसाचं नाव एका चित्रपटात झालं.

पुढे १९४६ ला ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’, म्हणजे युद्धात चीनला जाऊन तिथेच प्राण ठेवणाऱ्या सोलापूरच्या डॉक्टरची गोष्ट. त्याच वर्षी मास्टर विनायकांच्या ‘सुभद्रा’त त्यांनी लता मंगेशकर नावाच्या सोळा-सतरा वर्षांच्या मुलीकडून गाऊन घेतलं. त्या मुलीला तेव्हा फारसं कुणी ओळखत नव्हतं.

१९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’चं मात्र थांबून सांगितलं पाहिजे. गाणी ग. दि. माडगूळकरांची, पडद्यावर जयराम शिलेदार आणि हंसा वाडकर. लावणी तेव्हा पांढरपेशा घरात उघडपणे ऐकायची गोष्ट नव्हती. ढोलकी वाजली की दार लावून घेणारी माणसं होती. देसाईंनी लावणीचा ठसका काढून टाकला नाही, तिला गोड-गुळगुळीत केलं नाही, आणि तरी ती घराघरात शिरली. चार वर्षांनी १९५१ ला ‘अमर भूपाळी’ आला. उत्तर पेशवाईतला शाहीर होनाजी बाळा, जातीने गवळी, आणि त्याची ‘घनश्याम सुंदरा’ ही भूपाळी. ती शंभर-दीडशे वर्षं लोकांच्या तोंडी होतीच. पंडितराव नगरकर आणि लता मंगेशकर यांच्या आवाजात देसाईंनी तिला जी चाल दिली, ती आता अशी बसली आहे की लोक तीच होनाजीच्या वेळची समजतात. संगीतकाराचं काम इतकं चोख झालं की त्याचं नावच पुसलं गेलं, असं देसाईंच्या बाबतीत वारंवार घडलेलं दिसतं.

‘अमर भूपाळी’ १९५२ च्या कान महोत्सवात गेला आणि तिथे त्याच्या ध्वनिमुद्रणाचा गौरव झाला. मराठी चित्रपटाचं कौतुक फ्रान्समध्ये व्हावं आणि तेही आवाजासाठी, ही गोष्ट साधी नाही. त्या गौरवात ध्वनिमुद्रकाचा वाटा आहेच, पण कुठे वाद्यं कमी करायची, कुठे पखवाज मागे ठेवायचा, गायकाच्या श्वासाला जागा कुठे सोडायची, हे आधी संगीतकाराने ठरवावं लागतं. गर्दीचा आवाज कुठल्याही यंत्राला स्वच्छ पकडता येत नाही.

१९५५ ला ‘झनक झनक पायल बाजे’. कथ्थकवरचा रंगीत चित्रपट, नाचणारे गोपीकृष्ण आणि संध्या. शीर्षकगीत उस्ताद अमीर खाँ यांनी गायलं, अडाणा रागात. तबल्याला सामताप्रसाद. एका प्रसंगाच्या पार्श्वसंगीतासाठी जम्मूच्या शिवकुमार शर्मा नावाच्या तरुणाचं संतूर वापरलं गेलं. हे वाद्य तोवर सिनेमात कुणी फारसं ऐकलेलं नव्हतं. पुढे त्याच संतूरने काय केलं ते सगळ्यांना ठाऊक आहे. या चित्रपटाला फिल्मफेअरची मोठी पारितोषिकं मिळाली, ध्वनीचं पारितोषिक ए. के. परमार यांना मिळालं. संगीताचं त्या वर्षी शंकर-जयकिशन यांच्या ‘चोरी चोरी’ला गेलं. देसाईंच्या वाट्याला हे असंच येत राहिलं. सिनेमा गाजायचा, आवाज गाजायचा, गाणी लोक गायचे, आणि बक्षीस दुसरीकडे.

खाडीपलीकडची आई

याच सुमारास त्यांनी आपल्या भागातली एक गोष्ट केली. अंजनवेलच्या शेजारी धोपावे, तिथून फेरीबोटीत बसलं की दाभोळ, म्हणजे दापोली तालुका. त्याच तालुक्यातलं पालगड हे साने गुरुजींचं गाव. ‘श्यामची आई’ तिथलीच. आचार्य अत्र्यांनी तिच्यावर १९५३ ला चित्रपट केला, वनमाला आई आणि माधव वझे श्याम. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक पहिल्यांदा देण्यात आलं ते याच चित्रपटाला. संगीत वसंत देसाईंचं.

त्यातलं द्रौपदीच्या चिंधीचं गाणं आशा भोसल्यांनी गायलं आहे. ते ऐकताना गाणारी बाई स्टुडिओत उभी आहे असं वाटत नाही. पहाटे जात्यावर बसलेली, नाहीतर पडवीत पोराला मांडीवर घेऊन बसलेली कुणी कोकणी आई गाते आहे असं वाटतं. ताना नाहीत, वाद्यांची गर्दी नाही. अमीर खाँसाहेबांकडून अडाणा गाऊन घेणारा माणूस दुसरीकडे इतकं कमी करून थांबू शकत होता. छडीच्या गाण्यातही तेच. शाळेतली पोरं कशी ओरडून गातात, कुठे ताल चुकवतात, हे ज्याने वर्गात बसून ऐकलंय त्यालाच ती चाल सुचेल.

देसाईंच्या कामातली खरी कळ इथे सापडते. गाणं कुणाच्या गळ्यात जाणार आहे हे ते आधी बघायचे. उस्ताद गाणार असेल तर उस्तादाच्या गळ्याला काम द्यायचं, आणि पोरं गाणार असतील तर पोरांना जमेल एवढंच मागायचं. ऐकायला सोपं वाटतं. पण बरेच संगीतकार आपल्याला काय येतं ते दाखवायच्या नादात गाणाऱ्याला विसरतात.

१९५७ च्या ‘दो आँखें बारह हाथ’ची गोष्ट सांगली भागातली. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला खुनाची शिक्षा झालेल्या कैद्यांची खुली वसाहत होती, तिच्यावरून ती सुचली. एक जेलर, सहा कैदी, ओसाड माळ. शांतारामबापूंनी स्वतः जेलरचं काम केलं. या चित्रपटात गाणी लिहिणारे भरत व्यास. कैद्यांच्या तोंडी प्रार्थना द्यायची तर ती देवळातल्या आरतीसारखी चालणार नव्हती, आणि मैफलीतल्या भजनासारखी तर नाहीच. ज्यांच्या हातून खून झालेत, ज्यांना देवाचं नाव घ्यायची लाज वाटते, अशा माणसांना जमेल अशी चाल हवी होती. देसाईंनी ओळी सरळ ठेवल्या. पुढे लताबाईंचा आवाज आणि मागून कोरस. कोरस आला की एखाद्याचा सूर हलला तरी तो चारजणांत झाकून जातो. शाळेच्या मैदानात तीनशे पोरं एकदम म्हणतात तेव्हा हेच होतं, आणि म्हणून ती प्रार्थना साठ-पासष्ट वर्षं टिकली. कुठल्याही धर्माच्या देवाचं नाव तिच्यात नाही, हेही तिच्या कामी आलं.

‘दो आँखें’ १९५८ ला बर्लिनला गेला, तिथे रौप्य अस्वल मिळालं, पुढे अमेरिकेतही गोल्डन ग्लोबचा सॅम्युएल गोल्डविन पुरस्कार मिळाला. इतकं मोठं यश एकत्र मिळवलेली जोडी त्यानंतर तुटली. १९५९ चा शांतारामबापूंचा ‘नवरंग’ सी. रामचंद्रांकडे गेला, १९६१ चा ‘स्त्री’ही त्यांच्याकडेच, मग ‘सेहरा’ आणि ‘गीत गाया पत्थरों ने’ रामलाल यांच्याकडे.

प्रभातपासून धरलं तर जवळपास तीस वर्षांची ही साथ. पंचेचाळिशी ओलांडलेल्या माणसाला, ज्याचं सगळं नाव एका दिग्दर्शकाच्या नावाशी बांधलेलं आहे, आता एकट्याने उभं राहायचं होतं. मुंबईच्या सिनेमात तेव्हा शंकर-जयकिशन, नौशाद, ओ. पी. नय्यर, सचिनदेव बर्मन यांचे दिवस होते. निर्माते एकाच वेळी पाच-सहा चित्रपट करणारा संगीतकार शोधत. देसाई त्या धावपळीतले नव्हते.

तरी ते बुडाले नाहीत. १९५९ सालीच विजय भट्टांचा ‘गूँज उठी शहनाई’ आला. गोष्ट एका सनईवाल्याची, आणि सनई वाजवली उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांनी. लग्नाच्या मांडवात आणि देवळाच्या नगारखान्यात वाजणारं हे वाद्य देसाईंनी अख्ख्या चित्रपटभर मध्यभागी आणलं. चित्रपट चालला, गाणी रेडिओवर वाजत राहिली. राजकमलबाहेरही देसाईंचं संगीत उभं राहू शकतं, हे त्या एका वर्षात सिद्ध झालं.

पुढे १९६६ साली ‘लड़की सह्याद्री की’साठी ते पुन्हा शांतारामबापूंकडे गेले. त्यात त्यांनी पंडित जसराज यांच्याकडून गाऊन घेतलं. जसराज तोपर्यंत सिनेमात गायलेले नव्हते.

गाणं नसलेल्या जागा

देसाईंचं नाव गाण्यांसाठी घेतलं जातं. पण त्यांच्या कामाचा मोठा भाग गाणं नसलेल्या जागांमध्ये आहे, आणि तो सहसा कुणी बघत नाही.

पार्श्वसंगीत तेव्हा असं व्हायचं. चित्रपटाचं संकलन झालं की एकेक रीळ रेकॉर्डिंग हॉलमध्ये पडद्यावर लावायचं. हजार फुटांचं रीळ, साधारण अकरा मिनिटं चालणारं. वादक पडद्याकडे पाठ करून नाहीतर तिरके बसलेले, संगीतकाराची नजर पडद्यावर. दार उघडलं की व्हायोलिन थांबलं पाहिजे, रडू फुटायच्या आधी बासरी आली पाहिजे. एक सेकंद उशीर झाला की रीळ मागे घेऊन पुन्हा. त्यानंतर संवाद, प्रसंगातले आवाज आणि संगीत अशा वेगवेगळ्या पट्ट्या एकत्र करायच्या. ते मिक्सिंग. राजकमलमध्ये मंगेश देसाई हे या कामातलं देशभर मानलेलं नाव. दूरदूरचे निर्माते आपला चित्रपट शेवटचा हात फिरवायला परळला घेऊन यायचे. मिक्सिंगच्या टेबलावर संगीताची पट्टी किती खाली घ्यायची हा प्रश्न आला की बहुतेक संगीतकार हळहळतात, कारण आपलं काम झाकलं जातं. वसंत देसाई मात्र प्रभातच्या शाळेतले. प्रसंगाला नको असेल तिथे संगीत नको, हे त्यांच्या अंगात मुरलेलं होतं.

त्याची परीक्षा झाली १९६४ च्या ‘यादें’मध्ये. सुनील दत्तनी केलेला हा चित्रपट. पडद्यावर माणूस एकच, स्वतः सुनील दत्त. घरी येतो, बायको-मुलं घर सोडून गेल्याचं त्याला वाटतं, आणि रात्रभर तो एकटा त्या घरात आठवणींशी भांडतो. बाकीची सगळी माणसं फक्त आवाज. आता यात संगीतकाराने काय करायचं? समोर दुसरं पात्र नाही, प्रेमगीत नाही, मारामारी नाही. रिकामं घर, खेळणी, पाऊस, भिंती. आवाजच इथे पात्रं झाली पाहिजेत. चित्रपट धंद्यात फार चालला असं नाही, पण असं काम अंगावर घ्यायचं तर छातीच लागते. देसाईंनी ते घेतलं.

नऊ वर्षांनी १९७३ ला गुलजारांनी ‘अचानक’ केला. त्यात एकही गाणं नाही. गाण्यांवर सिनेमा विकला जाण्याच्या दिवसांत बिनगाण्याचा सिनेमा, आणि गुलजारांनी त्याचं पार्श्वसंगीत सोपवलं वसंत देसाईंना. ज्याची गाणी लोकांना पाठ आहेत अशा साठीच्या संगीतकाराला एकही गाणं न देता बोलावलं जातं, तेव्हा त्याच्याकडे नेमकं काय मागितलं जातंय हे कळतं.

मधल्या काळात नाटकंही चालू होती. विद्याधर गोखल्यांचं ‘पंडितराज जगन्नाथ’ १९६० ला आलं, ‘जय जय गौरीशंकर’ १९६६ ला. संगीत नाटक संपलं असं म्हणणाऱ्या लोकांना या दोन नाटकांनी पुन्हा थिएटरात आणलं. चिपळूण-रत्नागिरीकडे हौशी मंडळींनी नाट्यपदांची मैफल लावली की यातली पदं आजही निघतात.

चीनच्या युद्धानंतर १९६३ ला ‘छोटा जवान’ आला. त्यातलं माडगूळकरांचं ‘जिंकू किंवा मरू’ महेंद्र कपूर यांनी गायलं, आणि ते सिनेमाबाहेर पडून प्रभातफेऱ्यांत आणि स्नेहसंमेलनांत गेलं. देसाईंना समूहगानाचा नाद होता. शेकडो, हजारो शाळकरी मुलांना एका सुरात, एका तालात उभं करायचं हे काम त्यांनी मनापासून केलं. यात पैसा नव्हता. पोरांना दम देत, गोडीने घेत, पुन्हा पुन्हा गाऊन घ्यायचं हे तसं शिक्षकाचं काम.

आणि मग २३ ऑक्टोबर १९६६. न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रसंघाच्या सभागृहात एम. एस. सुब्बुलक्ष्मी गायल्या. त्या मैफलीत त्यांनी ‘मैत्रीं भजत’ हे संस्कृत गीत म्हटलं. सगळ्या देशांनी युद्ध सोडावं, मैत्री धरावी, अशा अर्थाचं. रचना कांचीच्या शंकराचार्यांची, चाल वसंत देसाईंची. दक्षिणेची गायिका, संस्कृत शब्द, जगाचं सभागृह, आणि चाल लावणारा कुडाळचा. दक्षिणेत ते गीत आजही घरोघरी म्हटलं जातं. आपल्याकडे कितीजणांना ठाऊक आहे, हा वेगळा प्रश्न.

हृषीकेश मुखर्जींच्या ‘आशीर्वाद’मध्ये १९६८ ला अशोककुमारांनी स्वतःच्या आवाजात आगगाडीचं गाणं म्हटलं, हरींद्रनाथ चट्टोपाध्यायांचे शब्द. गाडी सुटते, वेग घेते, स्टेशनं भराभर मागे पडतात, ते सगळं नुसत्या शब्दांच्या आणि तालाच्या धावण्यातून. हे गाणं बांधलं त्या माणसाच्या गावाकडे तेव्हा रेल्वे नव्हती. कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली २६ जानेवारी १९९८ ला, बरोबर तीस वर्षांनी.

१९७१ ला हृषीदांचाच ‘गुड्डी’. शाळकरी मुलीची गोष्ट, म्हणून सुरुवातीलाच शाळेची प्रार्थना. गुलजारांचे शब्द आणि देसाईंची चाल. गायला त्यांनी वाणी जयराम या नव्या गायिकेला उभं केलं. त्याच चित्रपटात तिच्याकडून त्यांनी मियाँ मल्हारातलं पपीह्याचं गाणंही गाऊन घेतलं. एका चित्रपटात, एकाच गळ्यातून, एक गाणं सगळ्या शाळेला म्हणता येईल असं आणि दुसरं गायला बसलं की महिनोन्महिने घाम काढणारं. मोठी नावं हाताशी असताना नवीन मुलीला असं काम द्यायला नजर लागते. लता मंगेशकरांना सोळा-सतराव्या वर्षी गायला देणाऱ्या माणसाने पंचवीस वर्षांनी तीच गोष्ट पुन्हा केली.

२२ डिसेंबर १९७५. दिवसभराचं काम आटोपून देसाई मुंबईत पेडर रोडच्या घरी परतले. इमारतीच्या लिफ्टमध्ये शिरताना अपघात झाला आणि ते जागीच गेले. वय त्रेसष्ट. आजारपण नाही, निवृत्ती नाही. अर्धवट कामं तशीच राहिली. विकास देसाई आणि अरुणा राजे यांचा ‘शक’ दुसऱ्या वर्षी, १९७६ ला थिएटरात लागला, तेव्हा पडद्यावर संगीतकार म्हणून त्यांचं नाव होतं.